कागदावरची दोन वर्षं

शाळेत मला सगळे लंबू म्हणायचे. आठवीत असतानाच मी आमच्या वर्गाच्या बाईंपेक्षा वीतभर उंच होते आणि वर्गाचा फोटो काढायचा झाला की मला मागच्या ओळीत, मुलांच्या शेजारी उभं करायचे. आमचं गाव डोंबिवली पश्चिमेला, खाडीच्या अंगाला. आता तिथे इमारतींच्या मधून गाव शोधावं लागतं. तेव्हा आमची भातशेती होती आणि शेताच्या पलीकडे बंद पडलेली मिठागरं. गावातली शाळा सातवीपर्यंतच होती, म्हणून आठवीला मी डोंबिवलीतल्या हायस्कूलला आले. तिथल्या मुली पुस्तकातल्यासारखं बोलायच्या. मी ‘पाणी’ला ‘पानी’ म्हटलं की मागच्या बाकावर खुसखुस व्हायची. मग मी बोलणंच कमी केलं.

एकदा पीटीच्या तासाला खेळाच्या सरांनी मला रांगेतून बाहेर बोलावलं. भिंतीला पाठ लावून, टाचा न उचलता हात वर करायला सांगितला. हात जिथपर्यंत पोचला तिथे त्यांनी खडूने रेघ मारली आणि थोडा वेळ त्या रेघेकडे बघत राहिले.

“उद्यापासून सकाळी सहाला ग्राउंडवर यायचं.”

कशाला, ते मी विचारलं नाही. शिक्षकांनी सांगितलं की जायचं, एवढंच घरात शिकवलेलं.

आमच्या शाळेचं बास्केटबॉल कोर्ट म्हणजे अर्धा सिमेंटचा आणि अर्धा मुरुमाचा तुकडा होता. सिमेंटच्या बाजूची रिंग सरळ होती, मुरुमाच्या बाजूची जरा वाकलेली. दोन्हींना जाळी नव्हती, त्यामुळे बॉल आत गेला की बाहेरून गेला यावरून रोज भांडणं व्हायची. पहिले दोन महिने मला बॉल नीट धरताही यायचा नाही. तो बोटांवर आदळायचा, नखं काळीनिळी व्हायची. सर ओरडायचे, मी मान खाली घालायचे.

मला खेळ शिकवला तो माझ्याच वर्गातल्या एका मुलीने. ती खाडीकाठच्या कोळीवाड्यातली. माझ्या खांद्याला जेमतेम लागेल एवढी उंची, पण हात इतके चपळ की बॉल तिच्या हाताला दोरीने बांधलाय असं वाटायचं. डाव्या हातानेही ती उजव्यासारखाच बॉल आपटत जायची. तिचं आणि माझं पहिल्याच आठवड्यात जमलं, कारण तिच्याशी मला घरचं बोलता यायचं. आम्ही आगरी, ती कोळी, शब्दांत थोडा फरक, पण हसणारं कोणी नव्हतं.

“लंबू, तू फक्त रिंगखाली उभी राहा नि माझ्याकडे बघ,” ती म्हणायची. “बॉल कुठे यायचा ते मी बघते.”

आणि बॉल यायचा. दोन मुलींच्या हातांमधून, कधी जमिनीवर टप्पा घेऊन, कधी तिने माझ्याकडे न बघताच फेकलेला. मी हात वर केले की तो तिथे असायचा. नववीत आम्ही कल्याणच्या आणि ठाण्याच्या शाळांना हरवायला लागलो. पेपरात दोन ओळींची बातमी आली, तिच्यात माझं नाव होतं. बॉल टाकणारीचं नाव येतं, देणारीचं येत नाही, हे तेव्हा आम्हा दोघींनाही कळलं नव्हतं. तीच ती बातमी कापून घेऊन आली आणि तिनेच ती माझ्या वहीत चिकटवली.

त्याच वर्षी राज्याच्या संघाची निवड चाचणी ठाण्यात होणार असं कळलं. सोळा वर्षांखालच्या मुलींची. सरांनी मला खेळाच्या सामानाच्या खोलीत बोलावलं. त्या खोलीला रबराचा आणि ओल्या गोणपाटाचा वास यायचा.

“तुझी जन्मतारीख काय?”

“एक जून.”

सर हसले. “वर्गातल्या निम्म्या पोरांची एक जूनच आहे. तुमच्या गावच्या मास्तरांनी कधी झाली ते न विचारताच लिहून टाकलंय. खरी कधीची?”

मला खरी तारीख माहीत नव्हती. मी घरीच झालेले, सुईणीच्या हातावर. शाळेतही उशिरा घातलेली, कारण धाकट्या भावाला सांभाळायला कोणीतरी लागायचं.

“दाखल्याप्रमाणे तू या जूनमध्ये सोळा पूर्ण केलीस,” सर म्हणाले. “म्हणजे तुला खेळता येणार नाही. पण तो दाखला कुठे खरा आहे? एका मास्तरने अंदाजाने लिहिलं, आता आपण दुसऱ्या अंदाजाने लिहू. दोन वर्षं कमी. वडिलांना घेऊन ये.”

संध्याकाळी मी आयला विचारलं, मी कधी झाले. ती तांदूळ निवडत होती.

“तू झालीस तवा बांध फुटलेला. खारं पानी पार शेतान आलेलं. त्या साली भात नाय झाला.”

“कुठल्या साली?”

“सालाचं मना काय ठाव? तुझी आत्या तवा लग्नाची होती.”

मी बोटांवर हिशेब केला. बांध कधी फुटला ते बाबांना आठवत होतं. त्या हिशेबाने मी दाखल्यावरच्यापेक्षाही चार-पाच महिन्यांनी मोठीच निघाले. म्हणजे सरांचा अंदाज अंदाज नव्हता, खोटं होतं, आणि ते मला त्या संध्याकाळीच कळलं. हे मी मुद्दाम लिहून ठेवते आहे, कारण पुढे मी हे कुणालाच सांगितलं नाही.

बाबा शाळेत आले ते इस्त्रीचा सदरा घालून. आयुष्यभर शेतात आणि खाडीत राबलेला माणूस, पण शिक्षकांसमोर खुर्चीत बसायचा नाही. सर म्हणाले, “काका, इथे सही करा. मुलीचं वय चुकीचं लागलं होतं, ते दुरुस्त करून मिळावं, असा अर्ज आहे.” बाबांनी सही करण्याआधी एकदाच विचारलं, “पोरीचं काय वाईट तं नाय ना व्हनार?”

“उलट नोकरी लागेल. सरकारी.”

बाबांनी सही केली. अक्षर एकेक करून, जीभ दातात धरून. नंतर मुख्याध्यापकांच्या खोलीत रजिस्टर आलं, जुनं साल लाल शाईने खोडलं गेलं आणि वर नवीन साल आलं. मी दोन वर्षांनी लहान झाले.

चाचणीचे फॉर्म माझी मैत्रीण भरायची, कारण संघात तिचं अक्षर चांगलं होतं. सगळ्या मुलींचे फॉर्म घेऊन ती वर्गात बसलेली. माझ्या फॉर्मशी आली तेव्हा तिने नवीन दाखला पुढे घेतला, तारीख वाचली आणि पेन थांबवलं. आमच्या दोघींत मी मोठी, हे तिला माहीत होतं. आता कागदावर मी तिच्याहून वर्षभराने लहान होते.

“हीच ना?” तिने विचारलं.

“हो.”

तिने लिहिली.

ठाण्याच्या मैदानावर दोन दिवस चाचणी चालली. तिथल्या रिंगांना जाळ्या होत्या आणि बॉल आत गेला की सळ्ळकन आवाज यायचा. त्या आवाजानेच मला हुरूप आला. निवड करणाऱ्यांत एक बाई होत्या, स्वतः भारताकडून खेळलेल्या. त्यांनी माझा फॉर्म बघितला, मग मला बघितलं. शेजारच्यांना म्हणाल्या, “चौदा वर्षांची आहे. अजून चार-पाच इंच वाढेल ही.” मी ऐकलं. माझ्या मैत्रिणीनेही ऐकलं, ती माझ्या बाजूलाच बुटाची नाडी बांधत होती.

ती त्या दोन दिवसांत जशी खेळली तसं मी तिला आधी कधी बघितलं नव्हतं. पुण्याच्या, नागपूरच्या मुलींच्या मधून ती निघून जायची आणि त्या मागे वळून बघत राहायच्या. दुसऱ्या दिवशी दुपारी यादी वाचली. बारा नावं. माझं चौथं होतं. बारा संपली तेव्हा वाचणारे गृहस्थ थांबले आणि म्हणाले, “राखीव, पहिली,” आणि तिचं नाव घेतलं.

एक नाव कमी असतं तर ती बारावी होती. हे समजायला गणित यावं लागत नाही.

सर तिला म्हणाले, “पुढच्या वर्षी नक्की.” पुढच्या वर्षी ती सोळा पूर्ण करणार होती, ते त्यांनाही माहीत होतं. ती मान हलवून “हो सर” म्हणाली. स्टेशनकडे चालत येताना तिने गाडीवर दोन लिंबू सरबत घेतली, एक मला दिलं. मग ती म्हणाली, “डावीकडे वळताना बॉल वर धरतेस. खाली ठेव. तिकडच्या पोरी काढून घेतील.”

मला तिने शिव्या दिल्या असत्या तर बरं वाटलं असतं.

त्यानंतर माझं सगळं भराभर झालं. राष्ट्रीय स्पर्धा, शिबिरं, ज्युनिअरचा संघ. घरी ट्रंकेत प्रमाणपत्रं साठत गेली. लोकांना ही माझी चढती वर्षं वाटायची. मला त्या वर्षांतली सगळ्यात जास्त आठवते ती उंची मोजायची पट्टी. प्रत्येक शिबिराच्या पहिल्या दिवशी आम्हाला भिंतीशी उभं करायचे. पाच फूट नऊ. पुढच्या शिबिरात पाच फूट नऊ. प्रशिक्षक वहीत बघायचे, परत मोजायचे. “वाढेल, अजून वय आहे,” म्हणायचे. मला दूध जास्त द्यायला सांगायचे. मी रोज सकाळी बारला लटकायचे, खांदे भरून यायचे तोवर. माझी वाढ कधीच संपलेली होती आणि ते फक्त मला माहीत होतं. ज्या मुलीसाठी त्यांनी जागा ठेवली होती, ती सहा फुटांची मुलगी, कधी येणारच नव्हती.

मग मी दुसरं काहीतरी व्हायचं ठरवलं. उंच होता येत नाही तर जागा आधी पकडायची. बॉल रिंगवर आपटून कुठे उडेल ते बघून समोरच्या मुलीच्या आधी तिथे जायचं, पाठ लावून तिला मागे रेटायचं. कोपर खायचं, पंचांचं लक्ष नसेल तेव्हा द्यायचंही. यात मी तयार झाले. माझ्याहून चार इंच उंच मुली माझ्याशी खेळताना वैतागायच्या. पण मी हे खेळत असताना मला पुन्हा पुन्हा वाटायचं, बॉल द्यायला ती हवी होती. इतरांचे पास चांगले असायचे. मी हात वर करायचे आणि बॉल एक क्षण उशिरा यायचा.

तिचा खेळ दहावीनंतर सुटला. वर्षभर घरी, मग कसलासा छोटा कोर्स, मग लग्न. लग्न झालं तेव्हा मी शिबिरात होते. परत आल्यावर कळलं की ती आंबिवलीला दिलीय आणि शहाडला एका खासगी दवाखान्यात केसपेपर काढायच्या कामावर जाते. मी भेटायला जाईन म्हटलं. गेले नाही.

कागदावर मी एकोणीस वर्षांची असताना मला नोकरी लागली. एका सरकारी कंपनीत, खेळाडूंच्या कोट्यातून. आपल्याकडे तेव्हा बास्केटबॉल खेळून पोट भरायचं म्हणजे नोकरीतच खेळायचं. सकाळी मस्टरवर सही करायची, टपाल विभागात दुपारपर्यंत लिफाफ्यांवर शिक्के मारायचे आणि दोन वाजता सरावाला जायचं. मोसमात महिना महिना दौरे. टेबलावरच्या बायका म्हणायच्या, “तुमचं बरं आहे बाई, खेळायचा पगार.” त्यांचं खोटं नव्हतं. पण हरून आलो की साहेब ‘खेळ जमत नसेल तर पूर्णवेळ टेबलावर बसवतो’ म्हणायचे आणि दरवर्षी नवीन, उंच मुली यायच्या. माझा डावा गुडघा तिसऱ्या मोसमात सुजायला लागला. मी तो पट्टीत आवळून खेळायचे आणि कुणाला सांगायचे नाही. ऑफिसात एक जूनला माझ्या टेबलावर पेढे यायचे. सगळे म्हणायचे, काय, किती पूर्ण? मी दोन कमी सांगायचे. सवय झालेली, तरी सांगताना दर वेळी जीभ जरा अडायची.

गावात मात्र मान होता. आमच्या जमिनीचा एक तुकडा इमारतीसाठी गेला तेव्हा बिल्डर बाबांना म्हणाला, “तुम्ही त्या खेळाडूचे वडील ना?” बाबांना ते फार आवडलं.

नव्वदच्या दशकाच्या मध्याला कधीतरी मला कार्मिक विभागातून बोलावणं आलं. टेबलापलीकडे एक अधिकारी बसलेले, वयस्कर, सौम्य बोलणारे. त्यांनी एक टाइप केलेलं पत्र माझ्याकडे सरकवलं. खाली सही नव्हती. पत्रात लिहिलेलं होतं की माझं वय खोटं आहे, शाळेच्या रजिस्टरमध्ये लाल शाईने खाडाखोड आहे, आणि हवं तर माझ्याबरोबर खेळलेल्या, माझ्यामुळे संघातून राहिलेल्या मैत्रिणीला विचारा. मैत्रिणीचं पूर्ण नाव होतं. माहेरचं आणि सासरचं.

“पंधरा दिवसांनी चौकशी आहे,” अधिकारी म्हणाले. “शाळेचे कागद मागवलेत. पालकांना घेऊन या. खोटं ठरलं तर नोकरी जाते, हे तुम्हाला माहीत असेल.”

मी आधी सरांकडे गेले. ते आता निवृत्त झालेले, कल्याणला मुलाच्या फ्लॅटमध्ये राहायचे. त्यांनी मला चहा दिला, माझ्या सामन्यांची चौकशी केली. मग म्हणाले, “हे बघ, पालकाने अर्ज दिला, शाळेने दुरुस्ती केली. मी त्यात कुठेच नाही. माझी सही आहे का कुठे?” नव्हती. त्यांनी ती कुठेच केलेली नव्हती. मी त्यांच्या पाया पडले, सवयीने, आणि जिना उतरताना स्वतःचाच राग आला.

मग मी शहाडला गेले. ते पत्र वाचलं त्या क्षणापासून माझी खात्री होती की पत्र तिनेच पाठवलंय. दुसरं कोण? सासरचं नाव कुणाला माहीत असणार? गाडीत बसल्या बसल्या मी काय काय बोलायचं ते ठरवलं होतं. एवढी वर्षं मनात ठेवलंस आणि आता, मला कुठे हालचाल करता येत नाही तेव्हा काढलंस, असं काहीतरी.

दवाखान्यात गर्दी होती. ती काउंटरमागे बसलेली, पुढे वही, अक्षर तसंच. मान वर न करता म्हणाली, “पेशंटचं नाव? वय?”

मी काउंटरवर हात टेकवले. तिने वर बघितलं. थोडी भरली होती, बाकी तीच.

“लंबू,” ती म्हणाली. “बस तिथे. एवढे पेपर काढते.”

मी बाकावर बसले. अर्धा तास ती प्रत्येकाला वय विचारत होती, आणि लोक सांगत होते, अंदाजाने, असेल पन्नास, असेल साठ, आणि ती लिहीत होती. मग दुसरी बाई काउंटरला आली आणि आम्ही मागच्या बाजूला, जिथे चादरी वाळत घातलेल्या होत्या तिथे उभ्या राहिलो.

“पत्र तू पाठवलंस?” मी विचारलं. ठरवलेलं बाकीचं सगळं विसरले.

“कसलं पत्र?”

मी सांगितलं. ती शांतपणे ऐकत होती. संपल्यावर म्हणाली, “मी नाही पाठवलं. मला त्यांचं पत्र आलंय परवा, तुझ्या ऑफिसचं. तुझ्या वयाबद्दल मला काय माहीत आहे ते लिहून द्या, असं. तेव्हा कळलं.”

“मग कोणी पाठवलं?”

“मला काय माहीत? पण तू सरळ इथे आलीस.” ती माझ्याकडे बघत होती. “म्हणजे तुला ठाऊक होतं ना, कोणी पाठवायला हवं होतं ते.”

एक नर्स आली, चादरी काढून घेऊन गेली.

“तू काय लिहून देणार?” मी शेवटी विचारलं. मला विचारायचं नव्हतं, पण विचारलं.

“अजून ठरवलं नाही,” ती म्हणाली. “तुझा फॉर्म मी भरलेला. माझंच अक्षर आहे. ती तारीख लिहिताना तू ‘नको’ म्हणशील म्हणून मी थांबलेले. थोडा वेळ थांबलेले, तुला आठवतं का माहीत नाही.”

मला आठवत होतं. मी तसं म्हटलं नाही. आतून तिला कुणीतरी हाक मारली आणि ती गेली.

चौकशीच्या दिवशी मी सकाळी उठले तेव्हा ठरवलेलं की खरं सांगायचं. सगळं, बांध फुटल्याच्या सालापासून. आयला काही सांगितलं नव्हतं, तिला वाटलं मला बढती मिळणार आहे म्हणून बाबांना बोलावलंय. बाबांनी पांढरा सदरा, धोतर आणि टोपी घातली. ऑफिसच्या लांब बाकावर आम्ही तासभर बसलो. माझ्या टपाल विभागातल्या दोघी तिथून गेल्या, बाबांकडे बघून, काहीतरी कुजबुजत.

आत गेल्यावर अधिकाऱ्यांनी बाबांना खुर्ची दिली. ते बसले नाहीत.

“साहेब, वय मी बदललं,” त्यांनी कुणी काही विचारायच्या आतच सांगितलं. “माझी सही हाय. पोरीला कायच ठाव नवतं. ती बारकी होती. मीच मास्तरांच्या पाठी लागलेलो.”

अधिकाऱ्यांनी माझ्याकडे बघितलं. “तुम्हाला माहीत नव्हतं?”

बाबा माझ्याकडे बघत नव्हते. ते समोरच्या भिंतीकडे बघत होते, टोपी हातात घेऊन. मी तोंड उघडलं. खरंच उघडलं. मग त्यांच्या हातातल्या त्या टोपीकडे बघितलं आणि वाटलं, आता मी खरं बोलले तर म्हातारा माणूस इथे, या लोकांसमोर, खोटा पडेल. निदान तेव्हा मी स्वतःला असं सांगितलं. आता वाटतं की नोकरी जाईल ही भीती त्याच्याहून मोठी होती आणि टोपीचं निमित्त झालं.

“नाही,” मी म्हटलं.

अधिकाऱ्यांनी फाइलमधून एक कागद काढला. “तुमच्या मैत्रिणीचं उत्तर आलंय.” त्यांनी वाचलं. एकच ओळ होती. ‘सदर खेळाडूच्या वयाविषयी मला काही माहिती नाही.’ खाली तिची सही. त्या सुरेख, गोल अक्षरात.

शाळेने कळवलेलं की दुरुस्ती पालकाच्या अर्जावरून नियमाप्रमाणे केलेली आहे. मूळ जन्मनोंद कुठेच नव्हती, त्यामुळे बाबांच्या कबुलीनंतरही कुठलं साल खरं ते ठरवता येत नव्हतं. पुरावा नाही म्हणून प्रकरण बंद झालं. मला लेखी समज मिळाली, बढती तीन वर्षं थांबली आणि तो मोसम मला संघाबाहेर बसवलं. नोकरी राहिली.

बाहेर पडल्यावर बाबा बराच वेळ चालत राहिले. गेटपाशी येऊन म्हणाले, “त्या पोरीनं वाचवलं आपल्याला. कोल्यांची ती. आपल्या घरी जेवायला यायची.” मी हो म्हटलं. पुढे ते म्हणाले, “मी आयुष्यात साहेबासमोर खोटं नवतो बोललो कधी.” तक्रार म्हणून नाही, सहज. त्यानंतर हा विषय त्यांनी कधी काढला नाही. पण गावात कुणी माझ्या खेळाचं कौतुक करायला लागलं की ते उठून दुसरीकडे जायला लागले, हे मी बघितलं.

पुढच्या मोसमात मला परत घेतलं. मी आणखी तीन वर्षं खेळले, एक वर्ष कप्तानही होते. पत्र कोणी पाठवलं ते कळलं नाही. संघातली एखादी, जिची जागा माझ्यामुळे अडली असेल, किंवा गावातलं कोणी, जमिनीच्या रागातून. सुरुवातीला मी प्रत्येकाच्या तोंडाकडे बघायचे. मग सोडून दिलं. पत्रात लिहिलेलं खरंच तर होतं.

गुडघा शेवटी अर्ध्या सामन्यात गेला. बॉलसाठी उडी मारली आणि खाली आले ती उठलेच नाही. डॉक्टर म्हणाले, या वयात गुडघा इतका झिजायला नको होता. त्यांच्यापुढच्या कागदावर माझं वय दोन वर्षांनी कमी होतं.

खेळणं थांबल्यावर शाळेने मला मुलींना शिकवायला बोलावलं. नवीन मुख्याध्यापिका होत्या, त्यांना जुनं काही माहीत नव्हतं. मी म्हटलं, माझ्यापेक्षा चांगली एक आहे, मी तिला विचारते. मला खरंच वाटत होतं की यातून काहीतरी भरून निघेल. एका रविवारी मी आंबिवलीला तिच्या घरी गेले. दोन खोल्या, नवरा रात्रपाळी करून आलेला म्हणून आत झोपलेला. तिने मला ओट्याशेजारी स्टुलावर बसवलं आणि सुक्या बोंबलाचं कालवण ढवळत माझं बोलणं ऐकलं.

“मानधन देतील,” मी म्हटलं. “संध्याकाळचं काम आहे. तू मला शिकवलंस तसं त्या मुलींना शिकव.”

तिने गॅस बारीक केला.

“मला खेळायचं होतं गं,” ती म्हणाली. “शिकवायचं नव्हतं.”

मी मान खाली घातली. मग जे इतकी वर्षं बोलले नव्हते ते बोलले. की मला तेव्हाच माहीत होतं. की आयने मला बांध फुटल्याचं सांगितलेलं, त्यावरून मी बोटांवर मोजलेलं. की ती पेन घेऊन थांबली ते मला आठवत होतं, शहाडलाही आठवत होतं. की साहेबांसमोरही मी नाहीच म्हटलं. की माझं चुकलं.

ती ऐकत होती. मध्येच तिने कालवणात मीठ घातलं, चमच्याने हातावर घेऊन चाखलं.

“बरं,” ती म्हणाली.

मला वाटलं ती पुढे काही म्हणेल. थोड्या वेळाने तिने ताट वाढलं, माझंही. आम्ही जेवलो. शाळेतल्या कुणाकुणाचं काय झालं ते बोललो. निघताना ती दारापर्यंत आली, आणि माझा गुडघा जिन्यावर कसा वळतो ते बघत उभी राहिली, मी खाली पोचेपर्यंत.